पडद्यावरील पहिली पार्वती

दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहात लोकांपुढे आला, हे आमच्या बहुतेक वाचकांस ठाऊक असेलच. त्यातील तारामती मात्र स्त्री नव्हती. दादासाहेबांनी जाहिराती दिल्या, नायकिणींच्या वस्तीतही विचारणा केली. परंतु या कामास स्त्री मिळेना. अखेर उपाहारगृहात नोकरीस असलेल्या अण्णा साळुंके यांस लुगडे नेसविण्यात आले.

पुढचा चित्रपट 'मोहिनी भस्मासुर'. तो नाशकात तयार झाला, आणि त्यात दोन स्त्रिया कॅमेऱ्यापुढे उभ्या राहिल्या. पार्वती झाल्या दुर्गाबाई कामत, आणि मोहिनी झाली त्यांची कन्या कमळाबाई, जिचा जन्म १९०० सालचा. पुराणातील मोहिनी म्हणजे स्त्रीरूप घेतलेले साक्षात विष्णू. पुरुषांनीच स्त्रिया व्हावयाचे त्या काळात ही एक भूमिका तरी पुरुषास शोभली असती. नेमकी तीच एका मुलीने केली, याचे आम्हांस मोठे कौतुक वाटते!

कमळाबाईंचे नाव पुढे रंगभूमीवर गाजले. दुर्गाबाईंविषयी मात्र फार थोडे लिहिले गेले. त्यांचे पती आनंद नानोसकर मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत अध्यापक होते. पतीपासून विभक्त झाल्यावर त्यांनी पदरी मुलगी घेऊन फिरत्या नाटक मंडळीची वाट धरली. मुलीचे शिक्षण झाले ते मुक्कामोमुक्कामी, आईजवळच. जन्मभर फळ्यापुढे उभे राहिलेल्या आम्हांस त्या चित्रपटाहून हीच गोष्ट अधिक मोलाची वाटते.

नाटकात शिरलेल्या स्त्रीस त्या काळी ज्ञातीत थारा नसे. पंक्तीस बोलावणे नाही, हळदीकुंकवास नाही. हे दुसऱ्या कोणी केले असे म्हणून आपणांस सुटता येणार नाही. आपल्या वडिलधाऱ्यांनीही हेच केले. आमच्या घरच्या वंशावळीत एका आत्याच्या नावापुढे नुसती रेघ आहे. ती गात असे, इतकेच आम्ही लहानपणी ऐकले; विचारले की विषय बदले.

कमळाबाईंचे पुत्र चंद्रकांत गोखले आणि नातू विक्रम गोखले यांना महाराष्ट्राने डोक्यावर घेतले. आपल्या मंडळींनीही त्यांची नाटके तिकिटे काढून पाहिली. दुर्गाबाई या त्याच विक्रमरावांच्या पणजी.