लंकेची मध्यरात्र आणि वाशिमची रेषा

एप्रिलच्या १५ तारखेच्या आसपास वाशिममध्ये मोकळ्या जागी एक काठी सरळ उभी करा आणि मोबाइल हातात घ्या. बारा वाजले तरी सावली सर्वांत आखूड झालेली नसते. त्यासाठी बारा वाजून एकवीस मिनिटांपर्यंत उन्हात थांबावं लागतं. मोबाइल दाखवतो ती ८२.५ अंश पूर्व रेखांशावरची वेळ, १ जानेवारी १९०६ पासून लागू झालेली. वाशिम आहे ७७.१ अंशांवर. सूर्याला तेवढं अंतर कापायला एकवीस मिनिटं लागतात.

हे सांगायचं कारण म्हणजे एके काळी हिशेब उलटा होता. देशभरातले ज्योतिषी आपल्या गावची वेळ ज्या रेषेशी जुळवून घ्यायचे, ती रेषा वाशिमवरून जाते असं मानलं जाई. गावात मध्यमेश्वराचं देऊळ आहे आणि पृथ्वीची मध्यरेषा तिथून जाते असं लोक सांगतात. मला ही गोष्ट बरीच वर्षं थापच वाटायची. प्रत्येक गावाला जगाचं केंद्र व्हायचं असतं!

पण सातव्या शतकातला पहिला भास्कर ‘महाभास्करीय’ या ग्रंथात मध्यरेषेवरच्या ठिकाणांची यादी देतो आणि त्यात वात्स्यगुल्म आहे. वत्सगुल्म म्हणजेच आपलं वाशिम, वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी. दुसऱ्या, म्हणजे ‘लीलावती’वाल्या भास्कराचा ‘करणकुतूहल’ ११८३ सालचा. त्याच्याही यादीत कांची, पर्यली, वत्सगुल्म, उज्जयिनी, कुरुक्षेत्र अशी नावं येतात. पर्यली म्हणजे परळी असं मानतात. वाकाटकांचं राज्य बुडून तोवर सहाशेहून जास्त वर्षं झाली होती. राजधानी गेली, नाव मात्र गणितात टिकलं.

आता या याद्यांची दोन टोकं बघा. दक्षिणेला लंका, उत्तरेला मेरू. ही लंका म्हणजे आजची श्रीलंका नव्हे. ती विषुववृत्तावर, उज्जैनच्या थेट दक्षिणेला मानलेली नगरी. तिथे प्रत्यक्षात जमीनच नाही, नुसता हिंदी महासागर. मेरू म्हणजे उत्तर ध्रुवावरचा देवांचा पर्वत. शिवाय विषुववृत्तावर नव्वद-नव्वद अंशांवर आणखी तीन नगरं: यवकोटी, सिद्धपूर आणि रोमक. ४९९ साली तेवीस वर्षांचा असलेला आर्यभट सांगतो की लंकेत सूर्य उगवतो तेव्हा यवकोटीत दुपार, सिद्धपुरात सूर्यास्त आणि रोमकात मध्यरात्र असते. कादंबरीच्या पहिल्या पानावर छापावा असा हा नकाशा, पण त्यावर मांडलेली वेळेची कल्पना पक्की आहे: पृथ्वी गोल आहे आणि ‘आत्ता’ किती वाजले याला जागेप्रमाणे वेगळं उत्तर आहे.

काळाची सुरुवातही याच लंकेत. सूर्यसिद्धांताच्या पद्धतीत कलियुग सुरू होतं ते इ.स.पू. ३१०२ मध्ये, १७ आणि १८ फेब्रुवारीमधल्या मध्यरात्री, लंकेच्या वेळेने. त्या क्षणी सगळे ग्रह मेषेच्या आरंभी एकत्र होते असं मानून पुढचं गणित चालतं. खऱ्या आकाशात तेव्हा ते एका बिंदूत नव्हते. हा क्षण कुणी पाहिलेला नाही, मागे मोजत जाऊन तो ठरवलेला आहे. आरंभबिंदू सोयीचा असला की गणित सोपं होतं, एवढंच. मोबाइलच्या नकाशातही शून्य अक्षांश आणि शून्य रेखांश जिथे भेटतात तिथे आफ्रिकेजवळचा समुद्रच आहे, आणि ग्रिनिचची रेषाही १८८४ साली वॉशिंग्टनच्या परिषदेत मतदानानेच ठरली.

मध्यरेषेवरचं गणित आपल्या गावी आणायचं तर ‘देशांतर’ काढावं लागे, आणि त्यासाठी चंद्रग्रहण कामी येई. ग्रहण सगळ्यांना एकाच क्षणी दिसतं, पण स्थानिक वेळ वेगवेगळी असते. मध्यरेषेसाठी ग्रहणाची वेळ आधी गणिताने काढायची. मग रात्री घटिकापात्र पाण्यावर सोडायचं. बुडाला बारीक भोक असलेली ती तांब्याची वाटी चोवीस मिनिटांत बुडते. ग्रहण गणितापेक्षा एक घटिका उशिरा लागलं, तर गाव रेषेच्या पूर्वेला सहा अंशांवर. लवकर लागलं, तर पश्चिमेला. बुडणारी वाटी आणि काळवंडणारा चंद्र, एवढ्यावर रेखांश निघे.

मग याद्या किती अचूक होत्या? वाशिम ७७.१ अंशांवर, कुरुक्षेत्र ७६.८ वर. म्हणजे वेळेत जेमतेम सव्वा मिनिटाचा फरक. घसरतं ते उज्जैन, ७५.८ वर. कांची तर ७९.७ वर आहे, उज्जैनपासून जवळजवळ सोळा मिनिटं दूर! ग्रहणात पृथ्वीच्या सावलीची कड धूसर असते, पाच-सहा मिनिटं चुकणं सहज शक्य आहे. कांचीची चूक मला त्यात बसवता येत नाही. यादीतली काही नावं मोजून नव्हे, तर परंपरेने आली असावीत.

त्यामुळे ‘वाशिम जगाच्या मध्यावर’ असा मेसेज फॅमिली ग्रुपवर आला की मी अडचणीत सापडतो. तो धड खोटा नाही, पण त्यातून नेमकी मोजणीच गाळलेली असते. त्यावर मी हल्ली एवढंच लिहितो: उज्जैनला कुणी ओळखीचं असेल तर दुपारी व्हिडिओ कॉल लावा. दोन्हीकडे काठ्या रोवा. आधी वाशिमची सावली सर्वांत आखूड होईल. उज्जैनची व्हायला आणखी साडेपाच मिनिटं लागतील. भास्कराच्या यादीप्रमाणे दोन्ही एकाच वेळी व्हायला हव्यात.