गाडगेबाबांच्या चिंध्या अन् आपला देशी कापूस

शाळेत कार्यक्रम असला की आमच्या भातकुलीकडे एक तरी पोरगं गाडगेबाबा बनते. साहजिक हाय, ऋणमोचन आपल्याच तालुक्यात, अन् पूर्णाकाठची बाबांची सेवा सगळ्यायले माहीत. पण पोराच्या अंगावर ठिगळं असतात टेरिकॉटची. खरा त्या काळचा कपडा करायचा म्हटलं तर काय लागेल, ते आज लिहितो.

पहिले साल ठरवा. बाबा 1876 चे, 1956 मध्ये गेले. त्यांच्या आजोबाच्या काळात गरिबाचं जाडंभरडं धोतर इथल्याच कापसाचं, हातानं कातलेल्या सुताचं अन् जवळच्या मागावरचं असे. 1853 मध्ये वऱ्हाड प्रांत इंग्रजांकडे गेला. 1861 ते 1865 अमेरिकेत यादवी झाली, तिकडचा कापूस अडला अन् विलायतेच्या गिरण्या आपल्या कापसावर आल्या. अमरावतीच्या नावावरून त्याले तिकडे ‘उमरा’ म्हणत. 1867 मध्ये रेल्वे नागपूरले पोचली. जाताना कापूस गेला, येताना तयार कापड आलं. 1877 मध्ये नागपुरात टाटांची एम्प्रेस मिल सुरू झाली. म्हणून बाबांच्या चिंध्यांत हातमागाचं अन् गिरणीचं, दोन्ही कापड मिसळलेलं असणार. फक्त खादीचे तुकडे जोडले तर तो वेष खरा नाही.

रंगाचंही तसंच. जुना लाल रंग आलाच्या मुळ्यांचा, नाहीतर करडईच्या फुलांचा, म्हणजे कुसुंबा. 1868 नंतर कारखान्यातला लाल रंग निघाला अन् आलाची शेती बसली.

आता कापसाचं. जुना कापूस देशी, आखूड धाग्याचा, ढोबळ मानानं 20-22 मिलिमीटर. आजचे संकरित वाण 28-30 चे. आखूड धाग्याले पीळ जास्त लागतो, सूत जाड निघते. जुन्या कापडाचा खरखरीतपणा तिथूनच येतो. बीटीच्या रुईचं तसं कापड होत नाही.

गेल्या हंगामात मी धुऱ्यालगत देशीचे चार तास लावले. पाटावर लोखंडी सळई फिरवून सरकी काढली, धनुकलीनं रुई पिंजली, पेळू केले. हिशेब असा: कापसाचा साधारण तिसरा हिस्सा रुई. एका जाड धोतराले पाऊण किलो सूत धरा, म्हणजे घट धरून तीनेक किलो कापूस. 10 नंबरी सूत किलोले जवळपास 17 किलोमीटर भरते. चरख्यावर तासाले साडेतीनशे मीटर धरले तरी एका धोतराचं सूत कातायले 36 तास लागतात. विणाई वेगळी. चिंधी फेकून न देता ठिगळ का लावत, ते इथं समजते.

चरखा सुताराकडून करून घेता येते, माग वर्ध्याकडे अजून चालतात. अडते ते बियाण्यावर. 2002 मध्ये बीटीले परवानगी मिळाली, तवापासून सरकी दरवर्षी विकतची झाली. संकरित वाणाची घरची सरकी पुढच्या साली तशी उगवत नाही. देशीची मात्र राखता येते. आपल्या खारपाणपट्ट्यात, जिथं खालचं पाणी खारं अन् पीक वरच्या पावसावर, तिथं हे सोटमूळवालं झाड तग धरते. अकोल्याच्या पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठानं एकेए मालिकेतले देशी वाण दिले आहेत.

भाव मिळत नाही म्हणून कोणी लावत नाही, हे खरं. पण दोन तास तरी बियाण्यासाठी राखा. कापड पुन्हा विणता येईल, बी संपलं तर नाही. कोणाच्या घरी जुनी देशी सरकी असली तर कळवा, मी घ्यायले येतो.