फेलिसिटी केंडल : फिरत्या नाटक मंडळीची लेक

फेलिसिटी केंडल (जन्म २५ सप्टेंबर १९४६) या ब्रिटिश रंगभूमी आणि दूरचित्रवाणीवरील नामवंत अभिनेत्री होत. बीबीसीच्या ‘द गुड लाइफ’ या विनोदी मालिकेतील बार्बरा गुड या भूमिकेने १९७०च्या दशकात त्या घरोघरी पोहोचल्या. नाटककार टॉम स्टॉपर्ड यांच्या नाटकांतील प्रमुख स्त्री-भूमिका साकारणारी अभिनेत्री ही त्यांची रंगभूमीवरील ओळख. अभिनयाचे शिक्षण मात्र त्यांनी इंग्लंडमधील कोणत्याही नाट्यशाळेत घेतले नाही. ते त्यांना मिळाले भारतात, आईवडिलांच्या फिरत्या नाटक मंडळीत. पुढे ही मंडळी सोडून जाण्याचा निर्णयही त्यांना घ्यावा लागला आणि त्या निर्णयाची सावली त्यांच्या उत्तरायुष्यातील लेखनावर व भूमिकांवर पडलेली दिसते.

घराणे आणि मंडळी

फेलिसिटी यांचा जन्म इंग्लंडमधील वॉरविकशायर परगण्यात ऑल्टन येथे झाला. वडील जेफ्री यांचे मूळ आडनाव ब्रॅग. आपल्या जन्मगावाच्या नावावरून त्यांनी ‘केंडल’ हे नाव धारण केले. आई लॉरा लिडेल याही अभिनेत्री होत्या. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात सैनिकांच्या करमणुकीसाठी नाटके करण्याच्या निमित्ताने या दांपत्याचा भारताशी संबंध आला. युद्धानंतर त्यांनी ‘शेक्सपिअराना’ ही नाटक मंडळी घेऊन उपखंडाचे दौरे केले. फेलिसिटी यांचे रंगमंचावरील पदार्पण अवघ्या नऊ महिन्यांच्या वयात झाले. ‘अ मिडसमर नाइट्स ड्रीम’ या नाटकातील बालकाच्या भूमिकेसाठी त्यांना कडेवर घेऊन रंगमंचावर आणण्यात आले होते.

त्या सात वर्षांच्या असताना कुटुंब भारतात आले. मंडळीचा मुक्काम बदलला की शाळाही बदले. अशा रीतीने निरनिराळ्या शहरांतील लोरेटो कॉन्व्हेंटच्या सहा शाळांमधून त्यांचे शिक्षण झाले. मंडळीचे प्रयोग शाळांच्या सभागृहांत होत, तसे संस्थानिकांच्या राजवाड्यांतही होत. शेक्सपिअरसोबत शॉ आणि शेरिडन यांची नाटके केली जात. मोजक्या माणसांच्या मंडळीत एका नटाला अनेक भूमिका पाठ असाव्या लागत आणि पडद्यामागची कामेही अंगावर घ्यावी लागत. आपल्याकडील जुन्या नाटक मंडळ्यांची परंपरा ज्यांना ठाऊक आहे, त्यांना हे चित्र अपरिचित वाटणार नाही. बंगालचे थोर नाट्यकर्मी उत्पल दत्त यांनीही उमेदीच्या काळात याच मंडळीत काम केले होते.

फेलिसिटी यांची थोरली बहीण जेनिफर ही मंडळीतील प्रमुख अभिनेत्री होती. १९५६मध्ये कोलकात्यात तिची आणि पृथ्वी थिएटर्समध्ये काम करणाऱ्या शशी कपूर यांची भेट झाली. १९५८मध्ये दोघे विवाहबद्ध झाले. शशी कपूर यांनी केंडल मंडळीतही भूमिका केल्या.

‘शेक्सपिअरवाला’

इस्माईल मर्चंट यांची निर्मिती आणि जेम्स आयव्हरी यांचे दिग्दर्शन असलेला ‘शेक्सपिअरवाला’ हा कृष्णधवल चित्रपट १९६५मध्ये आला. पटकथा रूथ प्रवर झाबवाला आणि आयव्हरी यांची, तर संगीत सत्यजित राय यांचे होते. स्वतंत्र भारतात गावोगाव शेक्सपिअरची नाटके करीत फिरणाऱ्या एका इंग्रज मंडळीची ही कथा केंडल कुटुंबाच्या जीवनावर बेतलेली होती. जेफ्री आणि लॉरा यांनी चित्रपटातील मंडळीच्या चालक दांपत्याची भूमिका केली, तर त्यांच्या मुलीची, लिझीची, भूमिका फेलिसिटी यांच्या वाट्याला आली. नायक होते शशी कपूर. मधुर जाफरी यांना या चित्रपटासाठी बर्लिन महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

चित्रपटातील मंडळीचा प्रेक्षक हळूहळू हिंदी सिनेमाकडे वळतो आणि शेवटी आईवडील लिझीला बोटीने इंग्लंडला पाठवतात. प्रत्यक्षात घडले ते थोडे निराळे होते. फेलिसिटी यांनी स्वतःहून इंग्लंडला जाण्याचे ठरवले आणि वडिलांना ते रुचले नाही. मंडळी हेच घर आणि मंडळी हाच धर्म मानणाऱ्या जेफ्री केंडल यांच्या दृष्टीने मुलीचे जाणे हे साधे स्थलांतर नव्हते.

इंग्लंडमधील उमेदवारी

भारतात शेकडो प्रयोगांचा अनुभव गाठीशी असला तरी लंडनमध्ये फेलिसिटी यांना कोणी ओळखत नव्हते. १९६६मध्ये बीबीसीवरील ‘द मेफ्लाय अँड द फ्रॉग’ या दूरचित्रवाणी नाटकात त्यांना थोर नट जॉन गिलगुड यांच्यासमवेत काम मिळाले. १९६७मध्ये ‘मायनर मर्डर’ या नाटकाद्वारे त्यांनी लंडनच्या रंगभूमीवर पदार्पण केले. खरी दखल घेतली गेली ती १९७४मध्ये, ॲलन एकबर्न यांच्या ‘द नॉर्मन कॉन्क्वेस्ट्स’ या नाट्यत्रयीमुळे. याच नाटकात पेनेलोपी कीथ ही अभिनेत्री त्यांच्यासोबत होती. पुढच्याच वर्षी या दोघी दूरचित्रवाणीवर एकमेकींच्या शेजारणी झाल्या.

‘द गुड लाइफ’

जॉन एसमंड आणि बॉब लार्बी यांनी लिहिलेली ‘द गुड लाइफ’ ही मालिका १९७५ ते १९७८ या काळात बीबीसीवर प्रसारित झाली. तिचे भाग अवघे तीस. चाळिशी गाठलेला टॉम गुड नोकरीला रामराम ठोकतो आणि पत्नी बार्बरासह लंडननजीकच्या सर्बिटन या उपनगरातील आपल्या घरीच भाजीपाला पिकवून, डुकरे, कोंबड्या आणि बकरी पाळून स्वावलंबी जीवन जगू पाहतो. शेजारच्या प्रतिष्ठित दांपत्याला हे सारे सहन करावे लागते. रिचर्ड ब्रायर्स यांचा टॉम हट्टी आणि स्वप्नाळू. त्या स्वप्नाचा रोजचा भार वाहणारी, तरीही हसतमुख असणारी बार्बरा फेलिसिटी यांनी रंगवली. १९७८मधील अखेरच्या विशेष भागाचे चित्रीकरण राणी एलिझाबेथ यांच्या उपस्थितीत झाले.

या लोकप्रियतेची दुसरी बाजूही होती. चिखलाचे बूट घातलेली गोड, खेळकर बार्बरा हीच त्यांची प्रतिमा होऊन बसली आणि वृत्तपत्रांनी त्यांच्या रूपाचीच चर्चा अधिक केली. कार्ला लेन यांनी लिहिलेल्या ‘सोलो’ आणि ‘द मिस्ट्रेस’ या मालिकांतून त्यांनी पुढे एकाकी आणि द्विधा मनःस्थितीतील स्त्रिया रंगवल्या.

पुन्हा रंगमंचावर

मालिका संपल्यानंतर त्या लंडनच्या नॅशनल थिएटरमध्ये दाखल झाल्या. १९७९मध्ये पीटर शॅफर यांच्या ‘अमेडियस’ नाटकाच्या पहिल्या निर्मितीत त्यांनी मोझार्टच्या पत्नीची, कॉन्स्टान्झेची, भूमिका केली. पॉल स्कोफिल्ड त्यात सालिएरी होते. १९८०मध्ये स्कोफिल्ड यांच्या ऑथेल्लोसमोर त्या डेस्डेमोना म्हणून उभ्या राहिल्या. भारतातील सभागृहांत ऐकलेला आणि बोललेला शेक्सपिअर येथे त्यांच्या कामी आला. ‘मच अडू अबाउट नथिंग’ आणि चेकॉव्हचे ‘इव्हानॉव्ह’ या नाटकांतील भूमिकांसाठी त्यांना १९८९मध्ये इव्हिनिंग स्टँडर्ड पुरस्काराने गौरवण्यात आले.

टॉम स्टॉपर्ड यांच्या ‘द रिअल थिंग’ (१९८२), ‘हॅपगुड’ (१९८८) आणि ‘आर्केडिया’ (१९९३) या नाटकांच्या पहिल्या निर्मितींत त्या होत्या. बौद्धिक चकमकींनी भरलेले त्यांचे संवाद भावनेचा ओलावा राखून बोलणे ही अवघड गोष्ट फेलिसिटी यांना साधली. १९९५मध्ये त्यांना सीबीई हा ब्रिटिश सन्मान मिळाला.

‘इंडियन इंक’

१९९५मध्येच आलेले ‘इंडियन इंक’ हे नाटक त्यांच्या कारकिर्दीत वेगळे उठून दिसते. स्टॉपर्ड यांच्या बालपणाची चार वर्षे भारतात गेली होती. नाटकाचे मूळ १९९१मधील त्यांच्या ‘इन द नेटिव्ह स्टेट’ या नभोनाट्यात आहे. नभोनाट्य फेलिसिटी यांना अर्पण केलेले आहे, तर ‘इंडियन इंक’ त्यांची आई लॉरा यांच्या स्मृतीला. १९३०च्या हिंदुस्थानात आलेली फ्लोरा क्रू ही इंग्रज कवयित्री आणि तिचे चित्र काढणारा हिंदी चित्रकार यांची ही कथा. फ्लोरा भारतातच मरण पावते आणि अनेक दशकांनी इंग्लंडमध्ये राहणारी तिची वृद्ध बहीण एलिनॉर त्या आठवणी जपत बसलेली असते. नभोनाट्यात आणि रंगमंचावरही फ्लोरा फेलिसिटी यांनीच साकारली.

दोन बहिणींची ही कथा आणि केंडल भगिनींचे आयुष्य एकच नव्हे. तरीही एक बहीण भारताची झाली आणि दुसरी इंग्लंडला परतली, हे दोन्हीकडे खरे आहे. जेनिफर आणि शशी कपूर यांनी मुंबईत जुहू येथे उभारलेले पृथ्वी थिएटर १९७८मध्ये सुरू झाले. त्याचा पडदा उघडला तो गो. पु. देशपांडे या मराठी नाटककाराच्या ‘उद्ध्वस्त धर्मशाळा’च्या हिंदी प्रयोगाने. जेनिफर यांचे ७ सप्टेंबर १९८४ रोजी कर्करोगाने निधन झाले. पृथ्वी थिएटरचा कारभार पुढे त्यांच्या मुलांनी सांभाळला.

वडिलांशी संवाद

जेफ्री केंडल यांचे १९९८मध्ये निधन झाले. त्याच वर्षी फेलिसिटी यांचे ‘व्हाइट कार्गो’ हे आत्मकथन प्रसिद्ध झाले. शुद्ध हरपलेल्या वडिलांच्या उशाशी बसलेली मुलगी आणि भारतातील दौऱ्यांच्या आठवणी असे दोन धागे त्यात गुंफलेले आहेत. मंडळी सोडताना जे बोलणे अपुरे राहिले होते, ते या पुस्तकात पूर्ण करण्याचा प्रयत्न दिसतो.

उत्तरकाळ

२००३मध्ये सॅम्युएल बेकेट यांच्या ‘हॅपी डेज’मधील, मातीच्या ढिगाऱ्यात रुतलेल्या विनीची कठीण भूमिका त्यांनी केली. त्याच वर्षी सुरू झालेल्या ‘रोझमेरी अँड टाइम’ या रहस्यमालिकेने त्यांना नव्या पिढीचा प्रेक्षक मिळवून दिला. २०१२मध्ये बीबीसीच्या एका माहितीपटासाठी त्या भारतात आल्या आणि शेक्सपिअर या भूमीत कसा रुजला याचा त्यांनी मागोवा घेतला. दीर्घकाळचे जोडीदार, दिग्दर्शक मायकल रुडमन यांचे २०२३मध्ये निधन झाले.

डिसेंबर २०२५मध्ये लंडनच्या हॅम्पस्टेड थिएटरमध्ये ‘इंडियन इंक’ पुन्हा रंगमंचावर आले. त्याच्या काही दिवस आधीच, २९ नोव्हेंबरला, स्टॉपर्ड यांचे निधन झाले होते. तीस वर्षांपूर्वी फ्लोरा झालेल्या फेलिसिटी या वेळी एलिनॉर होत्या : भारतात राहिलेल्या बहिणीच्या आठवणी सांभाळणारी, मागे उरलेली बहीण. नऊ महिन्यांच्या वयात कडेवरून रंगमंचावर आलेल्या या अभिनेत्रीने वयाच्या एकोणऐंशीव्या वर्षीही रंगमंच सोडला नव्हता.