मुळशीचे धरण आणि यंत्राची नीती

यंत्राला नीती असते काय, या प्रश्नाचा सध्या विद्वन्मंडळींत बराच ऊहापोह चालू आहे. त्यात कॉलिन ॲलन या तत्त्वज्ञाची तीन पुस्तके ध्यानात घेण्याजोगी आहेत. 1992 साली त्यांनी मायकेल हँड यांच्याबरोबर तर्कशास्त्राचे एक प्रवेशपुस्तक लिहिले. 1997 साली मार्क बेकॉफ यांच्यासह प्राण्यांच्या मनावर ग्रंथ सिद्ध केला, आणि पुढे वेंडेल वॉलक यांच्या जोडीने नीतिमान यंत्रांविषयी लिहिले. तर्क, पशू आणि यंत्र हे त्रिकूट प्रथमदर्शनी विजोडच दिसते. परंतु खेळू पाहणारा कुत्रा पुढचे पाय टेकून वाकतो तेव्हा त्याच्या मनात काय आहे, हे कोणत्या पुराव्यावरून म्हणावे, असे ज्याने एकदा विचारले, तो यंत्राविषयीही तेच विचारणार, हे ओघानेच आले. (आमचा मावळी शेतकरी, बैल अडला की ‘आज त्याचं मन नाही’ म्हणून मोकळा होतो, त्याला ग्रंथ लागत नाही!)

या तिसऱ्या ग्रंथात यंत्रांच्या पायऱ्या कल्पिल्या आहेत. अगदी खालच्या पायरीवरचे यंत्र स्वतः काहीच ठरवीत नाही. त्याची सारी नीती करणाराच्या आणि वापरणाराच्या हाती असते. वरच्या पायऱ्यांचे काय व्हायचे ते होवो. या खालच्या पायरीचा खटला मात्र शंभर वर्षांपूर्वी आपल्या पुण्याच्या उशाशी, मुळशी पेट्यात चालून गेला आहे, आणि तोच आज आपल्यापुढे मांडावयाचा आहे.

नीळा आणि मुळा या नद्यांच्या संगमाजवळ धरण बांधावे, पाणी सह्याद्रीच्या पोटातून बोगद्याने कोकणात भिऱ्याला सोडावे आणि त्या धबधब्यावर वीज करून ती मुंबईस न्यावी, अशी टाटा कंपनीची योजना होती. वीज हवी होती गिरण्यांना आणि आगगाड्यांना. बुडणार होती ती सुमारे पन्नास गावांची भातखाचरे. माणसे सुमारे अकरा हजार. जमीन घेण्याचे साधन म्हणजे 1894 चा भूसंपादन कायदा. कंपनीसाठी जमीन घ्यावयाची तर काम लोकोपयोगी असले पाहिजे, असे तो कायदा म्हणत होता. मग अनुमान सरळच झाले: वीज लोकांच्या उपयोगाची, सबब जमीन घेता येते. पण हे ‘लोक’ कोण? मुंबईचे लोक तेवढे लोक, आणि मुळशीचे? आमचे नैयायिक अशा युक्तिवादाला वाक्छल म्हणाले असते. एकच शब्द एका अर्थाने घ्यावयाचा आणि दुसऱ्या अर्थाने द्यावयाचा!

त्याच कायद्यात आणखी एक कलम होते, आणि आम्हांला ते सर्वांत बोलके वाटते. जमिनीची बाजारभावाने किंमत द्यावी, आणि संपादन सक्तीचे आहे म्हणून वर शेकडा 15 द्यावे. सक्तीचाही दर ठरलेला होता. ज्याला जमीन विकावयाचीच नाही, त्याला हा हिशेब कसा समजावा?

1921 च्या रामनवमीला, 16 एप्रिल रोजी, सुमारे बाराशे मावळे धरणाच्या जागी जाऊन बसले. काम काही काळ थांबले. महात्मा गांधींनी ‘यंग इंडिया’त या लढ्याविषयी लिहिले. पण मावळ्यांच्या पाठीशी उभ्या असलेल्या पुण्यातच एक पेच होता. पेट्यातील पुष्कळशी जमीन सावकारांकडे गेलेली होती, आणि सावकाराला जमिनीपेक्षा मोबदला जड नव्हता. कसणारा एक आणि मालक दुसरा, अशा ठिकाणी ‘आमची जमीन’ हा शब्दही दुहेरीच व्हावयाचा. लढा ढिला पडला त्याला दडपशाही कारण झाली, तसे हेही कारण झाले. ते लपविण्यात अर्थ नाही.

या लढ्याचे सेनापती पांडुरंग महादेव बापट. पारनेरच्या या बुद्धिमान माणसाला शिष्यवृत्ती मिळाली होती, आणि एडिंबरोला तो शिकावयास गेला होता ते यंत्रशास्त्रच! पुढे अरविंदांचा ‘लाइफ डिव्हाइन’ मराठीत आणणाराही तोच. तेव्हा यंत्र कळत नाही म्हणून हा गृहस्थ धरणाला विरोध करतो, असे म्हणण्याची सोय कोणालाच नव्हती. यंत्रामागचा माणूस जाब देण्यास बांधलेला आहे, हे त्यांचे म्हणणे. सत्याग्रहींच्या अंगावर वाफा नि दगड येत असता केवळ बसून राहणे त्यांना पुरेसे वाटेना. 1924 च्या डिसेंबरात त्यांनी मोजक्या साथीदारांसह, शस्त्रे घेऊन, धरणाच्या कामाची आगगाडी अडविली. हे गांधींच्या सत्याग्रहात बसणारे नव्हते, आणि बसते असा आव बापटांनीही आणला नाही. आमच्या मते येथे त्यांची वाट चुकली. गाडी कंपनीची खरी, पण तीत बसलेली माणसे पोटासाठी आलेली होती. मात्र ‘गाडी आपोआप थांबली’ असे ते म्हणाले नाहीत, एवढे त्यांच्या पदरी टाकलेच पाहिजे.

त्यांना सात वर्षांची शिक्षा झाली. 1927 साली भिऱ्याची वीज मुंबईस जाऊ लागली, तेव्हा ते तुरुंगातच होते.