श्वासाची दोरी कुणाच्या हातात?

म्हैसूरच्या मंडी मोहल्ल्यात जायचं तर बहुतेक वेळा सयाजीराव रोड लागतो. म्हैसूरमधल्या या रस्त्याला नाव आहे ते बडोद्याच्या सयाजीराव गायकवाडांचं. आजची गोष्टही त्याच बडोद्यातून सुरू होते.

जगन्नाथ गणेश गुणे, जन्म १८८३. १९०७ ते १९१० या काळात ते बडोद्याला प्रा. माणिकरावांकडे व्यायाम शिकले. पुढे नर्मदाकाठी मालसरला परमहंस माधवदासांकडे त्यांनी योगाचे धडे घेतले. हेच स्वामी कुवलयानंद. त्यांनी १९२४ मध्ये लोणावळ्याला कैवल्यधाम स्थापन केलं आणि ‘योगमीमांसा’ हे नियतकालिक सुरू केलं. गुरूंवर श्रद्धा होतीच, पण दावा मोजून बघायचा हा त्यांचा हट्ट होता. नौली करताना पोटात दाब कमी होतो, हे त्यांनी दाबमापक लावून पाहिलं. त्या पोकळीला त्यांनी गुरूंचंच नाव दिलं, ‘माधवदास व्हॅक्यूम’.

तेव्हाही लोक म्हणत आणि आजही म्हणतात, की प्राणायामानं शरीराला भरपूर ऑक्सिजन मिळतो. कुवलयानंदांनी प्राणायामातले वायू मोजले आणि ही समजूत त्यांना पटली नाही. प्राणायामाचं खरं मोल ऑक्सिजनमध्ये नाही, मज्जासंस्थेला लागणाऱ्या वळणात आहे, असं त्यांनी मांडलं.

का बरं? आता मजकूर वाचता वाचता श्वास रोखून बघा. काही वेळानं आतून कुणीतरी ढकलल्यासारखं वाटेल. ते ‘कुणीतरी’ मेंदूच्या तळाशी, मान जिथे सुरू होते तिथे बसलंय. त्याला लंबमज्जा म्हणतात. १८१२ मध्ये फ्रान्सच्या लगाल्वा यांनी सशांवर प्रयोग करून दाखवलं, की लंबमज्जेतला एक छोटा भाग गेला की श्वास थांबतो. तिथून निघालेला हुकूम मज्जारज्जूतून मानेपर्यंत उतरतो, तिथून मज्जातंतूवाटे श्वासपटलाकडे जातो, ते आकसतं आणि छाती भरते. झोपेतही हे चालू असतं.

पण श्वास कधी घ्यायचा, हे लंबमज्जेला कळतं कसं? १९०५ मध्ये इंग्लंडच्या हाल्डेन आणि प्रीस्टली यांनी दाखवलं, की सर्वसाधारण परिस्थितीत श्वासाचा वेग ठरवतो तो मुख्यतः कार्बन डायऑक्साइड. तो रक्तात वाढला की गजर होतो. ऑक्सिजनवर लक्ष ठेवणारा पहारेकरीही आहे, मानेतल्या धमनीच्या फाट्यावर, तांदळाच्या दाण्याएवढा. पण तो जोरानं ओरडतो ते ऑक्सिजन बराच खाली गेल्यावर. निरोगी माणसाचं रक्त साध्या श्वासातही ऑक्सिजननं जवळजवळ पूर्ण भरलेलं असतं. भरलेल्या घागरीत आणखी किती ओतणार?

मग सराव कशाचा होतो? विचार करणारा मेंदूचा वरचा भाग काही काळ खालच्या भागावर हुकूम चालवू शकतो. गाताना, बोलताना, पोहताना आपण तेच करतो. प्राणायामात हे मुद्दाम आणि सावकाश केलं जातं. पण शेवटचा शब्द लंबमज्जेचाच.

आणि इथे जिवाचा प्रश्न येतो. उन्हाळ्यात गावाकडे विहिरीत बुडी मारण्याआधी पोरं पटापटा खोल श्वास घेतात, ‘दम भरून घे’ म्हणतात. त्यानं ऑक्सिजन फारसा वाढत नाही. कार्बन डायऑक्साइड मात्र घटतो, म्हणजे गजराची घंटाच काढून ठेवल्यासारखं होतं. पाण्याखाली दम लागल्याचं जाणवत नाही, ऑक्सिजन संपत येतो आणि पट्टीचा पोहणाराही आधी काही न कळता बेशुद्ध होतो.

तेव्हा घरातल्या पोरांना एवढं सांगा: बुडी मारण्याआधी श्वासांची घाई नको, आणि काठावर लक्ष ठेवणारं कुणीतरी हवंच. श्रद्धा असेल तिथेही मोजून बघावं, हे लोणावळ्याच्या त्या स्वामींनी शंभर वर्षांपूर्वी करून दाखवलं. श्वासाच्या बाबतीत तर त्यावर जीव अवलंबून असतो.