मुक्या भुताशी संवाद : ‘मिस्टेरियम’ कसा खेळतात

पटावरच्या बहुतेक खेळांत एकाची जीत ही दुसऱ्याची हार असते. ल्यूडो, सापशिडी, बुद्धिबळ या घरोघरी परिचित असलेल्या खेळांची रीत हीच आहे. सहकारी खेळांत मात्र सर्व खेळाडू एका बाजूला आणि खेळाने उभी केलेली अडचण दुसऱ्या बाजूला असते. जिंकले तर सगळे जिंकतात, हरले तर सगळे हरतात. ‘मिस्टेरियम’ हा या प्रकारातील एक गाजलेला खेळ. त्यात एक खेळाडू भूत होतो. आपल्या मृत्यूचे रहस्य त्याला इतरांपर्यंत पोहोचवायचे असते, पण खेळ संपेपर्यंत त्याला बोलता येत नाही. त्याच्या हाती असतात ती केवळ चित्रे. उरलेल्या खेळाडूंनी त्या चित्रांवरून खुनी, खुनाचे ठिकाण आणि हत्यार ओळखायचे असते.

खेळाची जन्मकथा

ओलेक्सांद्र नेव्हस्की आणि ओलेग सिदोरेन्को या युक्रेनियन जोडीने हा खेळ रचला. पोलंडमधील ‘पोर्टल गेम्स’ने 2013 मध्ये त्याची पोलिश आवृत्ती काढली. तिच्या नावाचा अर्थ ‘गूढ वाडा’ असा होतो. पुढे 2015 मध्ये ‘लिबेलूद’ या फ्रेंच प्रकाशनसंस्थेने नियमांत फेरफार करून तो नव्या रूपात आणला आणि तो जगभर पोहोचला. याच संस्थेचा ‘डिक्सिट’ हा चित्रपत्त्यांचा खेळ 2010 मध्ये जर्मनीच्या ‘श्पील देस यारेस’ या मानाच्या पुरस्काराचा मानकरी ठरला होता. ‘डिक्सिट’मध्ये स्वप्नासारख्या चित्रांवरून एकमेकांच्या मनाचा ठाव घ्यायचा असतो. ‘मिस्टेरियम’ने तीच कल्पना एका खुनाच्या तपासाशी जोडली. 2015 च्या आवृत्तीचे नियम प्रमाण मानून पुढील माहिती दिली आहे.

कथानक असे : 1920 च्या दशकात मॅकडॉवेल नावाचे एक ज्योतिषी स्कॉटलंडमधील एका जुन्या वाड्यात राहायला येतात आणि तेथे कुणा अदृश्य जिवाचा वावर असल्याचे त्यांना जाणवते. त्याच्याशी संपर्क साधण्यासाठी ते नामांकित द्रष्ट्यांना एका रात्री बोलावून घेतात. भुताशी संवाद साधायला या मंडळींजवळ फक्त सात तास आहेत. प्रत्येक तास म्हणजे खेळाची एक फेरी.

साहित्य आणि मांडणी

हा खेळ दोन ते सात जणांना खेळता येतो. खोक्यावर दिलेली वयोमर्यादा दहा वर्षे आणि त्यापुढील आहे. सरावलेल्या मंडळींचा डाव सुमारे पाऊण तासात आटोपतो. नवख्यांनी तासाहून अधिक वेळ हाताशी ठेवावा.

खेळात 84 दृष्टान्तपत्ते असतात. त्यांवर एक अक्षरही नसते. असतात ती अद्भुत, काहीशी अस्वस्थ करणारी चित्रे. त्याशिवाय 18 व्यक्ती, 18 ठिकाणे आणि 18 वस्तू दाखवणारे पत्ते असतात. या 54 पत्त्यांचा एक संच द्रष्ट्यांसाठी आणि तसाच दुसरा संच भुतासाठी असतो.

खेळाडूंची संख्या आणि निवडलेली काठिण्यपातळी यांनुसार व्यक्ती, ठिकाणे व वस्तू यांचे ठरावीक पत्ते सर्वांना दिसतील असे पटाभोवती मांडतात. त्यांच्याच जोडीचे पत्ते भूत आपल्या संचातून वेगळे काढते, पिसते आणि आपल्या पडद्याआड प्रत्येक द्रष्ट्याच्या नावे एक व्यक्ती, एक ठिकाण व एक वस्तू लावून ठेवते. कोणाच्या वाट्याला काय आले, हे केवळ भुताला ठाऊक असते. दोन द्रष्ट्यांच्या वाट्याला एकच पत्ता कधीही येत नाही, ही गोष्ट ध्यानात ठेवावी. तपासात ती वारंवार उपयोगी पडते.

प्रत्येक द्रष्टा एक रंग निवडतो आणि त्या रंगाचा स्फटिकगोल घेतो. पटावरचे घड्याळ एकवर लावले की खेळ सुरू होतो.

एका तासाचा क्रम

भुताच्या हाती नेहमी सात दृष्टान्तपत्ते असतात. त्यांतून एक किंवा अधिक पत्ते ते एका द्रष्ट्याला देते, हातातले पत्ते पुन्हा सात करते आणि पुढच्या द्रष्ट्याकडे वळते. क्रम भुताच्या मर्जीचा. सर्वांना दृष्टान्त पोहोचले की दोन मिनिटांचे वाळूचे घड्याळ उलटे करतात.

त्या दोन मिनिटांत द्रष्ट्यांनी मोकळेपणाने चर्चा करावी, एकमेकांची चित्रे पाहावीत आणि आपापला स्फटिकगोल एका पत्त्यावर ठेवावा. आरंभी प्रत्येक जण व्यक्ती शोधत असतो. ती अचूक ओळखली की पुढच्या तासाला ठिकाण, त्यानंतर वस्तू. एखादा द्रष्टा वस्तूपर्यंत पोहोचलेला असताना दुसरा अजून व्यक्तीपाशीच अडलेला असू शकतो.

चार किंवा अधिक खेळाडू असतील तर प्रत्येकाला होकाराच्या आणि नकाराच्या मोजक्या चकत्या मिळतात. दुसऱ्याचा अंदाज बरोबर वाटला तर होकाराची, चुकीचा वाटला तर नकाराची चकती त्याच्या स्फटिकगोलाशेजारी ठेवायची. हे मत खरे ठरले तर ते देणाऱ्याची सोंगटी अतींद्रिय ज्ञानाच्या पट्टीवर पुढे सरकते. या पट्टीचे महत्त्व अखेरच्या टप्प्यात कळते. आपला पत्ता सापडला म्हणून शेजाऱ्याच्या चित्रांकडे पाठ फिरवणाऱ्याला ती मागे ठेवते.

वाळू संपली की भूत प्रत्येकाचा निकाल सांगते : बरोबर की चूक, एवढेच. अंदाज बरोबर असेल तर द्रष्टा आपले जुने दृष्टान्त परत करून पुढच्या पायरीवर जातो. चुकला असेल तर ते दृष्टान्त त्याच्याजवळच राहतात आणि पुढील तासाला त्यांत नव्याची भर पडते. घड्याळाचा काटा एक घर पुढे सरकतो. जो द्रष्टा तिन्ही गोष्टी लवकर ओळखतो, त्याला उरलेल्या तासांच्या हिशेबाने पट्टीवर बढती मिळते. मात्र सातवा तास सरेपर्यंत एकाही द्रष्ट्याचे काम अपुरे राहिले तर सारा गट हरतो.

एक उदाहरण

समजा, एका द्रष्ट्याच्या वाट्याला स्वयंपाकघर आले आहे. भुताच्या हाती चूल नाही, भांडे नाही, विस्तवही नाही. एका चित्रात लाल आकाशाखाली झाडावरची फळे गोळा करणारा मुलगा आहे. भूत तो पत्ता देते. भुताच्या मनात ‘फळे, म्हणजे खाणे’ असते. द्रष्ट्याचे लक्ष मात्र लाल रंगाकडे जाते आणि तो लाल गालिचा असलेल्या दिवाणखान्यावर स्फटिकगोल ठेवतो. अंदाज चुकतो.

पुढच्या तासाला भूत दुसरे चित्र देते : निळ्या समुद्रात मासा गिळणारा पक्षी. नवखा खेळाडू येथे समुद्राशी जुळणारे ठिकाण शोधू लागेल. सरावलेला खेळाडू दोन्ही चित्रे शेजारी ठेवील. रंग बदलला, म्हणजे रंगाचा संबंध नव्हता. दोन्हींत समान काय? एकात फळ, दुसऱ्यात मासा; खाण्याची गोष्ट. स्वयंपाकघराची वाट येथे सापडते. चुकलेला अंदाजही असा कामी येतो, म्हणूनच नियमांनी जुने पत्ते द्रष्ट्याच्या हाती राहू दिले आहेत.

अखेरचा कौल

सर्वांनी आपापली व्यक्ती, ठिकाण आणि वस्तू ओळखली की पटावर तितक्या संशयितांच्या तिकड्या तयार होतात. त्यांपैकी खरा गुन्हेगार एकच. भूत हातातील पत्ते पाहून मनाशी एक तिकडी ठरवते आणि तीन दृष्टान्त निवडते : एक व्यक्तीसाठी, एक ठिकाणासाठी, एक वस्तूसाठी. हे तीन पत्ते पिसून पालथे ठेवले जातात, त्यामुळे कोणता पत्ता कशासाठी हे कळत नाही.

पट्टीवर मागे राहिलेल्या द्रष्ट्यांना पहिला पत्ता पाहूनच गुप्त मत द्यावे लागते. मधल्यांना दोन पत्ते दिसतात, पुढे गेलेल्यांना तिन्ही. या टप्प्यात आपसांत चर्चा करता येत नाही. बहुमताचा कौल खऱ्या गुन्हेगारावर पडला तर भुतासह सर्वांचा विजय होतो. समसमान मते पडल्यास पट्टीवर सर्वांत पुढे असलेल्याचे मत निर्णायक ठरते. दोन-तीनच खेळाडू असतील तर ही पट्टी व चकत्या वापरत नाहीत.

भुताने काय सांभाळावे

भुताची भूमिका सर्वांत अवघड आहे, म्हणून ती नियम जाणणाऱ्या खेळाडूने घ्यावी. चित्राशी सहज जुळणारा द्रष्टा आधी निवडावा. त्यामुळे हात पुन्हा भरतो आणि अवघड जोडीसाठी नवे चित्र मिळण्याची शक्यता वाढते. एकदम चार-पाच पत्ते देण्याचा मोह टाळावा. एका पत्त्यातील एक खूण नेमकी कळते, पाच पत्त्यांतल्या पंचवीस खुणा गोंधळ माजवतात.

हातातील सगळेच पत्ते निरुपयोगी ठरले तर भूत एक कावळा पडद्यावर बसवून नकोसे पत्ते बदलून घेऊ शकते. सोप्या पातळीवर ही सवलत अधिक वेळा मिळते, कठीण पातळीवर सबंध खेळात एकदाच. मृतात्मा आणि कावळा यांचे नाते पिंडाचा घास ठेवून वाट पाहणाऱ्या मराठी वाचकाला वेगळे समजावून सांगायला नको.

चर्चा चालू असताना भुताने सर्व ऐकावे, परंतु चेहरा निर्विकार ठेवावा. एक उसासा किंवा भुवईची हालचाल सगळे रहस्य फोडते. उलट ऐकलेल्या चर्चेचा उपयोग पुढच्या तासाचे पत्ते निवडताना करावा. कोणता द्रष्टा रंग पाहतो, कोण आकार पाहतो, कोण चित्रात गोष्ट शोधतो, हे दोन-तीन तासांत भुताच्या ध्यानी येते. रंग पाहणाऱ्याला रंगातून आणि गोष्ट शोधणाऱ्याला गोष्टीतूनच सांगावे.

द्रष्ट्यांनी काय सांभाळावे

चित्रात काय काय आहे याची यादी करत बसणे ही द्रष्ट्याची नेहमीची चूक. प्रत्येक चित्रात दहा गोष्टी असतात आणि ताणून कशाचाही कशाशी संबंध जोडता येतो. त्याऐवजी ‘सात पत्त्यांतून याने हाच का दिला असेल?’ असा प्रश्न विचारावा. भूत झालेली व्यक्ती आपली आई असेल तर ती कोणत्या वस्तूकडे पाहील, धाकटा भाऊ असेल तर त्याला काय सुचेल, याचा विचार उत्तराजवळ नेतो. दोघांचे स्फटिकगोल एकाच पत्त्यावर आले तर त्यांतील एक तरी नक्की चुकला आहे. अशा वेळी दोघांनी आपले दृष्टान्त एकमेकांना उलगडून दाखवावेत.

सहकारी खेळांचा एक ठरलेला दोष म्हणजे मोठ्या आवाजाचा खेळाडू सर्वांचे निर्णय घेऊ लागतो. येथे अंतिम निवड ज्याची त्याने करायची, हा दंडक पाळावा. गट हरला तर एखाद्या द्रष्ट्याला किंवा भुताला दोष देण्याचा मोहही आवरावा. अर्थ चुकला तेव्हा सांगणारा आणि ऐकणारा या दोघांमध्येच काही निसटलेले असते.

मराठी घरात हा खेळ

नारायण धारप आणि रत्नाकर मतकरी यांच्या गूढकथांवर वाढलेल्या वाचकाला या खेळातली भीती ओळखीची वाटेल. ती किंकाळ्यांची नाही, न सांगितलेल्या गोष्टीची आहे. दृष्टान्तपत्त्यांवर मजकूर नसल्यामुळे भाषेचीही अडचण येत नाही. शाळेत कन्नड, हिंदी, गुजराती किंवा इंग्रजी वाचणारी नातवंडे आणि मराठी वाचणारे आजी-आजोबा एका पटाभोवती बरोबरीने बसू शकतात. नियम एकाने वाचून सांगितले की पुरते. लहान किंवा भित्र्या मुलांसाठी मोठ्यांनी आधी चित्रे पाहून घ्यावीत, कारण काही पत्ते उदास व भेसूर आहेत. पहिला डाव सोप्या पातळीवरच मांडावा.

निकाल लागताच पत्ते खोक्यात भरू नयेत. आता भुताने बोलावे : कोणते चित्र कोणत्या खुणेसाठी दिले, काय द्यायचे होते आणि हातात काय नव्हते. द्रष्ट्यांनीही आपण काय समजलो ते सांगावे. तासभर गप्प राहिलेल्या माणसाच्या मनात काय चालले होते, हे तेव्हा पहिल्यांदा समोर येते आणि वाड्यातील त्या रात्रीची गोष्ट पुरी होते.