बिशप आंजेलेली यांचा अपघात

आपल्या स्मरणिकेत दर वर्षी कोणा ना कोणा थोर व्यक्तीचे चरित्र छापून येते. अहिल्याबाईंवर लिहून झाले, सावित्रीबाईंवर झाले, गाडगेबाबांवर तर दोनदा झाले. यंदा मी फार दूरच्या एका माणसाची हकिगत सांगणार आहे. देश अर्जेंटिना, म्हणजे नकाशात दक्षिण अमेरिकेचे अगदी खालचे टोक. माणूस ख्रिस्ती धर्मातला बिशप, म्हणजे एका धर्मप्रांताचा मुख्य धर्मगुरू. तो मोटार उलटून मेला असे सरकारने सांगितले. ते खरे नव्हते, आणि त्यासाठी कोर्टाने कोणाला शिक्षा करेपर्यंत अडतीस वर्षे गेली.

एन्रिके आंजेलेली यांचा जन्म १९२३ साली कोर्दोबा येथे झाला. आईबाप इटलीहून पोट भरायला आलेले. पंधराव्या वर्षी मुलगा धर्मगुरूंच्या विद्यालयात गेला, पुढे रोमला शिकला आणि १९४९ साली त्याला दीक्षा मिळाली. परत आल्यावर त्यांनी कामगार तरुणांत आणि गरीब वस्त्यांत काम केले. १९६० साली ते साहाय्यक बिशप झाले. १९६८ साली पोपनी त्यांना ला रियोखा या प्रांताचे बिशप नेमले. डोक्यावर केस नव्हते म्हणून लोक त्यांना प्रेमाने ‘टकलू’ म्हणत! फावल्या वेळात ते कविताही करीत.

ला रियोखा हा कोरडा, गरीब मुलूख. ज्याच्या हाती पाणी त्याची जमीन, आणि ज्याची जमीन त्याचे राज्य. पाण्याची किंमत काय असते हे नळावर रांग लावणाऱ्या आपल्याला कोणी सांगायला नको. आंजेलेली गावोगाव फिरले आणि शेतमजुरांना व खाणकामगारांना संघटना करा म्हणून सांगू लागले. लोकांनी विणकामाच्या, विटांच्या, पावाच्या सहकारी संस्था काढल्या. मला विशेष वाटले ते हे, की घरकाम करणाऱ्या मोलकरणींनीही आपली संघटना करावी असे या बिशपांचे सांगणे होते. पोथीपुराण सांगणारे पुष्कळ असतात, पण भांडी घासणारीच्या पगाराची चौकशी करणारा धर्मगुरू विरळा.

आमिंगा गावी एक मोठी जमीनदारी ओस पडली होती. ती जमीन आणि तिचे पाणी सहकारी संस्थेला द्यावे असा लोकांचा आग्रह होता व बिशपांचा त्याला पाठिंबा होता. इथून वैर सुरू झाले. १३ जून १९७३ रोजी आनिल्याको गावच्या संताच्या सणाला ते मिस्सा करायला गेले असता जमीनदार आणि व्यापाऱ्यांनी जमवलेल्या जमावाने त्यांना दगड मारून हाकलले. जमावाच्या पुढाऱ्यांत प्रांताचे गव्हर्नर कार्लोस मेनेम यांचे सख्खे बंधू होते. हेच मेनेम पुढे देशाचे अध्यक्ष झाले. बिशपांनी त्या पुढाऱ्यांना चर्चचे संस्कार बंद केले, आणि मग ‘हा बिशप साम्यवादी आहे’ अशी ओरड उठली. रोमहून चौकशीला आर्चबिशप सास्पे आले. त्यांनी सर्व पाहून आंजेलेलींचीच बाजू घेतली.

२४ मार्च १९७६ रोजी अर्जेंटिनात लष्कराने सत्ता बळकावली. माणसे रात्रीतून नाहीशी होऊ लागली. (मुले परत द्या म्हणून पांढरे रुमाल बांधून चौकात फेऱ्या घालणाऱ्या माता त्याच देशातल्या, त्यांच्यावर कोणीतरी पुढच्या अंकात जरूर लिहावे.)

१८ जुलैच्या रात्री चामिकाल गावी दोन धर्मगुरू सिस्टरांच्या घरी जेवायला बसले होते. एक कार्लोस मुरियास, दुसरे फ्रेंच फादर गाब्रिएल लाँगव्हील. पोलीस म्हणवणारी माणसे आली व त्यांना घेऊन गेली. दोन दिवसांनी रेल्वेच्या रुळांजवळ दोघांची प्रेते मिळाली. त्यानंतर आठवडाही गेला नाही तोच सान्योगास्ता गावी तोंडे झाकलेल्या लोकांनी वेन्सेस्लाओ पेदेर्नेरा यांचे दार ठोठावले. हे साधे शेतकरी, चर्चच्या शेतमजूर चळवळीत काम करणारे. पूर्वी त्यांना देवाधर्माचे वेड नव्हते, ते बायकोमुळे त्या वाटेला लागले होते. बायको आणि तीन मुली घरात असताना दारातच त्यांना गोळ्या घातल्या. कोणाचा द्वेष करू नका, असे मरताना ते घरच्यांना सांगून गेले. ती बाई पुढे तीन मुली घेऊन कशी राहिली असेल, हा विचार मला बिशपांच्या मृत्यूपेक्षाही जास्त छळतो.

आपल्या भोवतीचे वेढे आवळत चालले आहेत आणि मधोमध आपण आहोत, हे आंजेलेली जवळच्या माणसांना सांगत असत. तरीही ते चामिकालला राहिले, दोन्ही धर्मगुरूंसाठी मिस्सा केली, लोकांना विचारून खुनाची माहिती गोळा केली. ४ ऑगस्ट १९७६ रोजी दुपारी ते आपली फियाट गाडी स्वतः चालवीत ला रियोखा शहराकडे निघाले. सोबत फादर आर्तुरो पिंतो होते. माहितीचे कागद एका पाकिटात, गाडीत. पुंता दे लोस यानोस गावाजवळ गाडी उलटली. पिंतो बेशुद्ध पडले. बिशप गाडीपासून दूर, डांबरी रस्त्यावर मरून पडलेले होते. त्यांच्या डोक्याला मागून जबर मार होता. प्रेत कित्येक तास तिथेच होते.

पोलिसांनी टायर फुटल्याचे लिहिले, आणि न्यायाधीशाने लवकरच प्रकरण बंद केले.

पिंतो मात्र सांगत राहिले की एक गाडी आमच्या मागे लागली होती, मग दुसरी आली, आणि आम्हाला आडवे घालून उलटवले. शिवाय ते कागद कुठेच सापडले नाहीत. लष्करी सरकारच्या गृहमंत्र्याच्या खात्यात काम केलेल्या एका पोलीस अधिकाऱ्याने पुढे साक्ष दिली, की ते कागद आपण मंत्र्याच्या कचेरीत आलेले पाहिले. टायर फुटला असे घटकाभर धरू, पण कागदांना पाय कसे फुटले? माझ्यासारखीला कायदा कळत नसला तरी एवढे कळते.

उलट बाजूचे म्हणणेही सांगायला हवे. गाडी उलटली की अशा जखमा होऊ शकतात, आणि धक्का देणाऱ्या गाडीतली माणसे कधीच पकडली गेली नाहीत. अगदी अलीकडेपर्यंत तो अपघातच होता असे वर्तमानपत्रांत पत्रे लिहिणारे लोक होते, आणि त्यांत एक निवृत्त बिशपही होते. मला खरे दुःख वाटते ते स्वधर्मीयांच्या मौनाचे. आपला एक बिशप रस्त्यावर मरून पडला आणि बहुतेक बिशप वर्षानुवर्षे खुनाचा शब्द उच्चारायला तयार नव्हते. न्यूकेनचे बिशप खाइमे दे नेवारेस यांनी १९८३ साली उघड म्हटले, की हा खून आहे.

लष्करी अंमल गेल्यावर १९८६ साली न्यायाधीश आल्दो मोरालेस यांनी हा थंड डोक्याने आखलेला खून होता असा निर्णय दिला. पण नेमके त्याच सुमारास लष्करी अधिकाऱ्यांना वाचवणारे दोन कायदे झाले आणि सगळे पुन्हा गुंडाळले गेले. ते कायदे २००३ साली संसदेने व २००५ साली सर्वोच्च न्यायालयाने रद्द ठरवले तेव्हा खटला परत उभा राहिला.

या खटल्यात एक विलक्षण गोष्ट झाली. गाडीतले कागद गेले होते खरे, पण मरण्याआधी जुलै महिन्यात आंजेलेलींनी पोपचे राजदूत पिओ लाघी यांना पत्र लिहून आपल्याला जिवे मारण्याच्या धमक्या येत असल्याचे कळवले होते. दोन धर्मगुरूंच्या खुनाची तपशीलवार हकिगतही त्यांनी पाठवली होती. हे दोन्ही कागद व्हॅटिकनच्या दप्तरात जपून ठेवलेले होते! पोप फ्रान्सिस यांनी ते बाहेर काढून कोर्टाकडे पोचते केले. फ्रान्सिस (ते २०२५ साली निवर्तले) मूळचे अर्जेंटिनाचेच. १९७३ साली आनिल्याकोच्या दगडफेकीनंतर ते ला रियोखाला जाऊन आंजेलेलींना भेटले होते, आणि आंजेलेलींच्या तीन विद्यार्थ्यांना त्यांनी आपल्याकडे आसरा दिला होता. कागद दिले याबद्दल त्यांचे उपकारच. पण इतकी वर्षे ते कोणालाच कसे आठवले नाहीत, हे कोणी समजावून सांगेल तर मी ऐकायला तयार आहे.

४ जुलै २०१४ रोजी जनरल लुसियानो मेनेंदेस आणि चामिकालच्या हवाई तळावरचे अधिकारी लुइस एस्त्रेया यांना हा खून घडवून आणल्याबद्दल जन्मठेप झाली. मेनेंदेस २०१८ साली मेले.

२७ एप्रिल २०१९ रोजी ला रियोखा येथे आंजेलेली, मुरियास, लाँगव्हील आणि पेदेर्नेरा या चौघांना एकाच समारंभात ‘धन्यवादित’ म्हणून जाहीर केले. ही संतपदाच्या आधीची पायरी, हे आपल्या मंडळातल्या ख्रिस्ती भगिनींना ठाऊक आहे, इतरांसाठी सांगितले. त्या गर्दीत पेदेर्नेरांची बायको आणि मुलीही होत्या. गाडी उलटली त्या ठिकाणी रस्त्याच्या कडेला एक लहानसे प्रार्थनामंदिर आहे आणि ४ ऑगस्टला लोक तिथे यात्रेला जातात.